चहाचं बटण

मंगळवार, रात्रीचे पावणेबारा.

झोप येत नाहीये म्हणून लिहितोय. कारण इतकं फालतू आहे की हिला सांगायचीही लाज वाटली. आज पबमध्ये मला विचारलं, "काय घेणार?"

नऊ वर्षांत तिथं हे मला कुणी विचारलं नव्हतं. फील्ड्स कॉर्नरला उतरायचं, थंडीत मान खाली घालून चालायचं, कोपऱ्यातल्या स्टुलावर बसायचं. फिडलवाला तारा लावेपर्यंत नानांनी समोर चहाचा मग ठेवलेला असायचा. (पबच्या म्हाताऱ्या मालकांना नाना मी म्हणतो, मनातल्या मनात. त्यांना पत्ता नाही.) आयर्लंडमधल्या कॉर्कचा बॅरीज चहा, भरपूर दूध, दोन चमचे साखर, थेट आपल्या टपरीच्या जातीचा. बॉस्टनमधल्या डॉर्चेस्टरच्या या आयरिश पबमध्ये चहा पिणारा मी एकटाच. पहिल्याच दिवशी नाना म्हणाले होते, या गावानं १७७३ साली ३४२ पेट्या चहा समुद्रात फेकला, तेव्हापासून इथं धड चहा मिळत नाही.

आज नाना नव्हते. गुडघा दुखायला लागल्यापासून ते खाली कमीच येतात. त्यांची नात गिनेस बिअर भरत होती. ग्लास तिरका धरून पाऊण भरायचा, बाजूला ठेवायचा, फेस वर येऊन बसेपर्यंत थांबायचं, मग उरलेली भरायची. हात अगदी आजोबांचा. त्या थांबण्यातच तिनं माझ्याकडे वळून विचारलं. मी म्हटलं, "नेहमीचं." ती बघतच राहिली. मग मीच ओशाळून म्हटलं, "चहा." तिनं नव्या बिलाच्या मशीनवर बोट वरखाली फिरवलं आणि म्हणाली, "सॉरी, चहाचं बटणच नाहीये."

एवढंच झालं. पण लागलं.

सेशन, म्हणजे वादकांची बैठक, चालू असताना मधेच टाळ्या वाजवायच्या नसतात, हे मला कळतं. भिंतीवरची ती काठी हॉकीची नाही, हर्लिंग या आयरिश खेळाची, हे मीच नव्या लोकांना सांगतो. १७ मार्चला, सेंट पॅट्रिक्स डे या आयरिश सणाला, हिरव्या टोप्या घालून पोरं दारात उलट्या करतात त्या दिवशी मी जात नाही, कारण नानांना तो दिवस आवडत नाही. त्यांच्या लहानपणी आयर्लंडमध्ये त्या दिवशी पब बंद असायचे. इथं तर सुट्टी. कागदोपत्री ती १७७६ साली इंग्रज बॉस्टन सोडून गेले म्हणून. हे सांगताना नाना डोळा मारतात. एवढं सगळं माहीत असलेला माणूस, आणि त्याला विचारायचं, काय घेणार? बाबा गेले त्या आठवड्यातसुद्धा मी मंगळवारी तिथंच... असो.

या देशात दर खिडकीवर कुणीतरी विचारतंच, कोण, कुठला, काय पाहिजे. एक जागा होती जिथं विचारत नव्हते.

तिथं बसल्याबसल्या हे सगळं मनात घोळवत होतो आणि एकदम डोक्यात आलं: त्या चहाचं बिल मला कधी आलंच नव्हतं! मी मगाखाली पाच डॉलर ठेवून उठायचो, ती टिप. चहा मेन्यूवर कधीच नव्हता. तो आतून यायचा, त्यांच्या घरच्या किटलीतून. म्हणजे मशीनचं काही चुकलं नव्हतं. विकतच नाहीत त्या वस्तूचं बटण कोण ठेवेल? आणि नऊ वर्षं मी स्वतःला तिथलं जुनं गिऱ्हाईक समजत होतो! आमच्याकडे अशा माणसाला दुसरा शब्द आहे. फुकट्या.

हसू आलं, पण फार नाही.

तेवढ्यात नातीनं आत ओरडून सांगितलं, इथं कुणीतरी चहा मागतंय. आतून तिच्या आईचा आवाज आला, "आज मंगळवार का?"

दोन मिनिटांत चहाचा मग आला. साखर एकच चमचा. तिला काय माहीत. मी हट्टानं पैसे घ्यायला लावले, आणि तिनंही ते घेतले, हे जरा... जाऊ दे.

आत्ता कोटाच्या खिशात पावती सापडली. 'इतर: ३.००'.

पुढच्या मंगळवारी साखरेचं सांगावं का? की नानांचा गुडघा बरा होईपर्यंत एकच चमचा चालवून घ्यावा?