रबराच्या मळ्यापासून राष्ट्राध्यक्षपदापर्यंत

हो ची मिन्ह सिटीतल्या जुन्या राष्ट्राध्यक्ष प्रासादाच्या हिरवळीवर रणगाडे ठेवलेत. सगळे त्यांच्यासमोर फोटो काढतात, मीही काढला. पण डोक्यात घोळत होता तो व्हिएतनामचा माजी राष्ट्राध्यक्ष ले डुक आन्ह.

हा माणूस ह्युएजवळच्या खेड्यातला, जन्म 1920 चा. तरुणपणी लोक निन्ह या ठिकाणच्या रबर मळ्यात राबला, कम्युनिस्ट चळवळीत शिरला, फ्रेंचांशी लढला, मग अमेरिकनांशी. एप्रिल 1975 मध्ये सायगाववर, म्हणजे आजच्या हो ची मिन्ह सिटीवर, चहूबाजूंनी चढाई झाली, तेव्हा नैऋत्येकडची फौज त्याच्या हाताखाली होती. पुढे कंबोडियातल्या व्हिएतनामी सैन्याची धुराही त्याच्याकडेच आली. थायलंडच्या सीमेवर सुरुंग आणि अडथळ्यांची लांबच लांब रांग उभारली गेली, त्या कामावर जुंपलेले कितीतरी कंबोडियन मलेरियाने आणि सुरुंगांनी मेले. त्याच्या गौरवगाथा वाचताना मला हे विसरता येत नाही.

1987 मध्ये संरक्षणमंत्री, 1992 मध्ये राष्ट्राध्यक्ष. पक्षातला कडव्या गटाचा म्हणून ओळखला जाणारा हा जनरल. आणि गंमत बघा, त्याच्याच कारकिर्दीत, 1995 च्या जुलैत, अमेरिकेशी राजनैतिक संबंध जुळले. ऑक्टोबरात स्वारी संयुक्त राष्ट्रांच्या पन्नाशीसाठी थेट न्यूयॉर्कला! सायगाव पडून जेमतेम वीस वर्षं झाली होती.

1996 च्या अखेरीस पक्षाघाताचा झटका आला, पुढच्या वर्षी पद सुटलं. गेला 2019 मध्ये, अठ्ठ्याण्णवाव्या वर्षी.