तारण

1988 च्या जूनमध्ये मी आपल्या ख्रिस्ती ईश्वरविज्ञान विद्यालयाच्या वसतिगृहात पाऊल ठेवलं, तेव्हा ट्रंकेत दोन जोड कपडे होते, आईने दिलेलं पवित्र शास्त्र होतं, आणि तोंडात लहानपणापासून घोळलेले शब्द होते. तारण (म्हणजे पापातून सुटका), कृपा, खंडणी, प्रायश्चित्त, नीतिमान ठरणे. आमचं घर तीन पिढ्यांचं ख्रिस्ती, वडील गावच्या मंडळीत, म्हणजे चर्चमध्ये, पंच. हे शब्द आपल्याला येतात, आता फक्त त्यांचं प्रमाणपत्र घ्यायचं, अशीच माझी समजूत होती.

पहिल्या आठवड्यात ईश्वरविज्ञानाच्या तासाला सरांनी फळ्यावर 'तारण' एवढंच लिहिलं आणि विचारलं, "हा शब्द चर्चच्या बाहेर कुठे ऐकलात?"

कोणी बोलेना. मग मागच्या बाकावरचा जालन्याकडचा एक मुलगा उठला. "सोसायटीत ऐकला, सर. कर्ज काढताना."

वर्गात हशा झाला. सर हसले नाहीत. "तुमच्या घरचं काय तारण होतं?"

"चार एकर."

"सुटलं?"

"अजून नाही."

सर जरा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "हा विषय तुला आमच्यापेक्षा लवकर कळेल. लेवीय काढा, अध्याय 25."

त्या एका अध्यायावर आमचे किती तास गेले, मोजले नाहीत. तोवर शास्त्रातलं लेवीय म्हणजे यज्ञांचे नियम, वाचताना झोप आणणारं पुस्तक, असं मी धरून चाललो होतो. सरांनी ते तलाठी कार्यालयातल्या दप्तरासारखं उलगडलं. सात वर्षांचे सात फेरे, म्हणजे 49 वर्षं. मग सातव्या महिन्याच्या दहाव्या दिवशी, प्रायश्चित्ताच्या दिवशी, रणशिंग फुंकायचं आणि पन्नासावं वर्ष योबेलाचं म्हणून पाळायचं. त्या वर्षी गुलाम सुटतो आणि ज्याची जमीन त्याच्याकडे परत येते. म्हणून जमिनीची किंमत ठरवताना पुढच्या योबेलापर्यंत किती पिकं निघतील ती मोजायची. विकायची ती पिकं, जमीन नव्हे, कारण जमीन देवाची आहे आणि आपण तिच्यावर उपरे. जालन्याचा तो मुलगा म्हणाला, "म्हणजे मुदतखरेदीच की!" सरांनी तो शब्द फळ्यावर लिहून घेतला. इंग्रजीतला 'जुबिली' शब्द याच योबेलावरून आला, हेही त्याच तासाला कळलं. आज या स्मरणिकेवर सुवर्णमहोत्सव असं छापलं आहे, पण माझ्या मनात तो योबेलच आहे.

तिथून रूथच्या पुस्तकात. नामी या विधवेचा नातलग बवाज गावच्या वेशीत बसतो, दहा वडीलधाऱ्यांना साक्षीला बोलावतो. नामीचं शेत सोडवायचा पहिला हक्क ज्याचा, तो अधिक जवळचा नातलग माघार घेतो आणि हक्क सोडल्याची खूण म्हणून पायातली वहाण काढून देतो. मग शेत बवाज सोडवतो. हिब्रूत अशा सोडवणाऱ्याला 'गोएल' म्हणतात. सर म्हणायचे, तारणारा म्हणजे आधी हा: आपल्या रक्तामांसाचा, पदरचं घालून आपलं गहाण सोडवायला वेशीत येऊन बसलेला. 'शब्द देही झाला', म्हणजे देव माणूस झाला, हे योहानाचं वाक्य मला त्या दिवशी पहिल्यांदा समजलं. देह घेतल्याशिवाय नातलग होता येत नाही.

खंडणीच्या तासाला मात्र वर्गात भांडण जुंपलं. येशू आपला जीव पुष्कळांसाठी खंडणी म्हणून, म्हणजे सुटकेचं मोल म्हणून, देतो, असं मार्काच्या दहाव्या अध्यायात आहे. पण खंडणी घेतली कोणी? आद्य ख्रिस्ती पंडित ओरिजेनने म्हटलं, सैतानाने. चौथ्या शतकात नाझियांझच्या ग्रेगरीला ते सहन झालं नाही. लुटारूला देवाने मोल मोजावं ही कल्पनाच त्याला लाजिरवाणी वाटली. अकराव्या शतकाच्या अखेरीला अन्सेल्मने सैतानाला हिशेबातून काढलं आणि देणं देवाचंच असल्याचं मांडलं. आम्ही दोन तट पाडून जेवणाच्या पंगतीतही वाद घातला. सरांनी निकाल दिला नाही. "तिघांनी हा प्रश्न आयुष्यभर वागवला. तुम्ही निदान तीन वर्षं वागवा," एवढंच म्हणाले.

चर्चचा इतिहास शिकवणाऱ्या बाईंचाही उल्लेख करायलाच हवा. 325 च्या निकिया इथल्या चर्चच्या परिषदेने पुत्र, म्हणजे ख्रिस्त, पित्याशी, म्हणजे देवाशी, एकतत्त्व आहे असं म्हटलं, आणि पुढची कित्येक वर्षं 'एकतत्त्व' की 'सारख्या तत्त्वाचा' यावर चर्च दुभंगत राहिलं. ग्रीकमध्ये या दोन शब्दांत फरक एका इओटाचा. एवढ्याशा अक्षरासाठी एवढं कशाला, असं मी विचारलं. बाईंनी फळ्यावर 'दिन' लिहिलं, शेजारी 'दीन' लिहिलं, आणि खडू ठेवून दिला.

आपल्या विद्यालयाची माझ्या लेखी सर्वांत मोठी देणगी म्हणजे शब्दांची वही. शनिवार-रविवार आम्ही खेड्यांत सेवेला जायचो. परतताना प्रत्येकाने वर्गात शिकलेला एक शब्द लोकांच्या तोंडून ऐकून, तो कोणत्या संदर्भात आला तेही लिहून आणायचं. सातबाऱ्यावरचा 'बोजा' तिथे शास्त्रातल्या 'भाराक्रांत' शब्दाशेजारी येऊन बसला. मराठीत ईश्वरविज्ञान शिकणं म्हणजे इंग्रजी न येणाऱ्यांची सोय, असं तेव्हा बाहेर सर्रास बोललं जायचं. मला ते लागायचं. सरांनी मला ग्रंथालयात नेऊन फादर स्टीफन्सचं ख्रिस्तपुराण हाती दिलं: 1616 सालचं, जवळपास अकरा हजार ओव्यांचं. इंग्लंडात जन्मलेल्या माणसाने स्वर्गाला 'वैकुंठ' म्हणून ख्रिस्ताची कथा आपल्या भाषेत गायली होती. शेजारच्या कपाटात पंडिता रमाबाईंचं भाषांतर होतं. हिब्रू आणि ग्रीक शिकून त्यांनी सबंध शास्त्र साध्या मराठीत आणलं. 1922 साली त्या गेल्या, आणि 1924 मध्ये केडगावच्या मुक्ती मिशनमध्ये ते छापून निघालं. आणि आपण तुकारामाच्या पुलावरून ख्रिस्ताकडे आलो, असं सांगणारे कवी नारायण वामन टिळक तर त्यांच्या गीतांतून आमच्या रोजच्या उपासनेतच होते. "ही सोय नव्हे," सर म्हणाले, "हा वारसा आहे."

1994 साली मी पाळक म्हणून एका लहान मंडळीत होतो. दुष्काळाचं वर्ष. प्रवचनात तारणाविषयी बोललो. उपासना संपल्यावर एक आजी काठी टेकत आल्या.

"पाळकसाहेब, तारण मंजी सोसायटीत जमीन ठिवतेत, तेच ना?"

मी त्यांना ओसरीवर बसवलं आणि लेवीय 25 पासून बवाजपर्यंत सगळं सांगितलं, सरांनी सांगितलं होतं तसंच. त्यांच्या थोरल्या मुलाची जमीन सावकाराकडे अडकली होती, ते मला नंतर कळलं. ऐकून झाल्यावर त्या बराच वेळ बोलल्या नाहीत. मग उठता उठता जे म्हणाल्या, ते मी घरी जाऊन वहीत लिहिलं.

ही वही मी या वर्षी विद्यालयाच्या ग्रंथालयाला देत आहे. तिची मागची चाळीसेक पानं कोरी आहेत, ती आताच्या विद्यार्थ्यांनी भरावीत. 'तारण'च्या पानावर शेवटची नोंद त्या आजींची आहे: "मंग आपला मानूस वेशीत येऊन बसलाय म्हना की."