हेडफोनवाल्या नटाच्या शहरात

मी बर्लिनमध्ये मराठी पर्यटकांना शहर दाखवतो. भिंतीचा उरलेला भाग, ब्रांडेनबुर्ग गेट, थोडी खरेदी, यातच बहुतेकांचा दिवस जातो. त्या दिवशी मात्र ग्रुपमधल्या एका काकांनी सकाळीच विचारलं, "अरे, 'द लाइव्हज ऑफ अदर्स'मधला तो हेडफोनवाला, त्याचं इथे काही बघायला मिळेल का?" काकांनी राज्य नाट्य स्पर्धेत वर्षानुवर्षं कामं केलेली.

मला कोण आनंद झाला! त्या जर्मन सिनेमात हेडफोन लावून दुसऱ्यांच्या घरातलं ऐकणारा पूर्व जर्मनीच्या हेरखात्याचा अधिकारी ज्याने केला, तो उलरिश म्यूए माझा फार लाडका नट. जग त्याला त्या एकाच सिनेमावरून ओळखतं, याचं मला खरंच वाईट वाटतं.

अलेक्झांडरप्लात्झला पोहोचल्यावर मी नेहमीचं टीव्ही टॉवरचं बोलणं बाजूला ठेवलं. 4 नोव्हेंबर 1989 ला याच चौकात पूर्व बर्लिनच्या नाटकवाल्यांनी प्रचंड सभा भरवली होती. व्यासपीठावरून बोलणाऱ्यांत म्यूए होता. पाच दिवसांनी भिंत उघडली. त्याच काळात इथल्याच डॉइचेस थिएटरमध्ये नाटककार-दिग्दर्शक हायनर म्यूलर 'हॅम्लेट' बसवत होता. हॅम्लेट म्यूए! 1990 च्या मार्चमध्ये प्रयोग उभा राहिला तोवर बाहेर पूर्व जर्मनी हा देशच संपत आला होता. प्रयोग सात तासांहून मोठा.

"म्हणजे तालमीतून उठून सभेला?" काका म्हणाले आणि जागीच थांबले.

मग मी मागचंही सांगितलं. ग्रिमा गावातल्या चामडी-फरचं काम करणाऱ्याचा मुलगा. आधी बांधकामाचं शिक्षण. सैन्यात असताना याच भिंतीवर पहारा, आणि पोटात अल्सर. त्या हेरखात्याच्या अधिकाऱ्याच्या भूमिकेची तयारी कशी केलीत, असं कुणी विचारलं तर तो एवढंच सांगायचा, की मी आठवत गेलो. सिनेमाला 2007 च्या फेब्रुवारीत ऑस्कर मिळालं, जुलैत तो पोटाच्या कॅन्सरने गेला. वय 54.

काकांनी आपल्या जॅकेटची चेन गळ्यापर्यंत ओढली आणि भर चौकात ताठ उभे राहिले. "बघ, हेडफोनमधून पियानो ऐकताना तो मान हलवत नाही, भुवई उचलत नाही. डोळ्यातून पाणी येतं तेही पुसत नाही. आम्ही स्पर्धेत असतो तर हुंदका दिला असता." मी तो प्रसंग कितीदा तरी पाहिलाय, पण न पुसलेलं पाणी मला त्यांनी दाखवलं.

दुपारी डॉइचेस थिएटरसमोर आलो तर काका थेट तिकीट खिडकीकडे. मी म्हटलं, काका, नाटक जर्मनमध्ये आहे.

"असू दे. ही माणसं उभी कशी राहतात ते बघायचंय."

एक तिकीट काढून दिलं. संध्याकाळी बाकीच्यांना घेऊन मी जेवायला गेलो.