बिरड्याच्या रोजाची चित्रं

मी बेने इस्राएल, म्हणजे कोकणातल्या ज्यू समाजातली. माझी चित्रं बघायला येणारे बरेच जण आधी गलबत शोधतात. नवगावच्या किनाऱ्यावर फुटलेलं आमच्या पूर्वजांचं गलबत, त्यातून वाचलेली सात जोडपी, नाहीतर अलिबागजवळच्या खंडाळ्याचा तो खडक, ज्यावर एलियाहू हन्नाबी या प्रेषिताच्या रथाच्या खुणा दाखवतात. यातलं मी काहीच काढलेलं नाही. माझ्या चित्रांत बायका वाल सोलताहेत.

जेरुसलेमचं मंदिर पडलं त्या दिवसाच्या उपासाला आमचे जुने लोक बिरड्याचा रोजा म्हणत. तो येतो ऐन पावसाळ्यात. पेणच्या घरी आजी वाल भिजवून फडक्यात बांधून ठेवायची. मोड आले की ते कोमट पाण्यात टाकायचे आणि घरातल्या सगळ्या बायकांनी परातीभोवती बसायचं. गाणं-हसणं त्या दिवसांत नाही, पण बोलणं थांबायचं नाही. कोण कुठल्या गावची, कुणाला कुठे दिली, कुणाचा तेलाचा घाणा कधी बंद पडला, कोण इस्राएलमध्ये बीरशेबाला गेलं आणि कुणाचं पत्र आलं नाही. आमच्या घराण्याचा इतिहास मी तिथे ऐकला. दोन हजार वर्षांपूर्वीच्या मंदिराचं दुःख आणि परवाच्या पत्राचं दुःख, दोन्ही एकाच परातीत.

कागदोपत्री यातलं काहीच नाही. घरातल्या जुन्या कागदांवर सगळी पुरुषांची नावं: कोण पलटणीत होता, कुणी घर बांधलं. बायकांची नावं फक्त बायकांच्या तोंडी राहिली.

हे मला फार लागतं, कारण आमच्या समाजाला एकदा नेमकी याच नावांची गरज पडली होती. १९६२ मध्ये इस्राएलच्या मुख्य रब्बींनी सूचना काढल्या, की बेने इस्राएल व्यक्तीचं इतर ज्यू समाजात लग्न ठरलं तर तिच्या आईकडच्या पिढ्या तपासाव्यात. शनिवारी, म्हणजे ज्यूंच्या विश्रांतीच्या दिवशी, तेलाचा घाणा बंद ठेवून ज्यांनी कोकणात धर्म टिकवला, त्यांना विचारलं गेलं की तुमची पणजी कोण? आपली माणसं जेरुसलेमच्या रस्त्यावर उतरली, १९६४ मध्ये संसदेने त्यांची बाजू घेतली आणि त्या सूचना बदलाव्या लागल्या. पण तो प्रश्न अपमान म्हणून लक्षात राहिला. माझी चित्रं त्याला उत्तर म्हणून नाहीत. पणजी कुणाला सिद्ध करून दाखवायची नसते. मला ती फक्त बघायची आहे.

सिओना बेंजामिन मुंबईत वाढलेल्या, आता अमेरिकेत राहणाऱ्या, आमच्यातल्याच चित्रकार. त्यांच्या निळ्या कातडीच्या बायका पहिल्यांदा पाहिल्या तेव्हा लघुचित्रांची शैली आणि तोराह, म्हणजे आमचा धर्मग्रंथ, एका कागदावर नांदताना दिसली. मला धीर आला. माझा रंग मात्र निळा नाही. सोललेल्या वालाचा फिका, हिरवट पांढरा रंग मी हातकागदावर पातळ थरांनी चढवते. जलरंगात तो पटकन मळतो, म्हणून एका दाण्यासाठीही थांबावं लागतं.

आजीचा फोटो आहे, तिच्या आईचा नाही. तिचे हात माझ्या धाकट्या आत्यासारखे होते असं सगळ्या सांगतात. आत्या इस्राएलमधल्या अश्दोदहून पुढच्या महिन्यात येते आहे. वाल आणून ठेवलेत. तिला सोलायला बसवणार आहे आणि शेजारी बसून काढणार आहे.