रिपोर्टात ‘फरक नाही’ आलं म्हणून पंप बंद करू नका

सोयाबीन निघालं की आमच्याकडं हडंबा सुरू होतो, कुटाराचा धुराळा उडतो आणि लगेच आमच्या खोलीबाहेरचा बाक भरायला लागतो. मी ग्रामीण भागातल्या एका दवाखान्यात फुंकायची टेस्ट घेते, म्हणजे स्पायरोमेट्री. दमा आहे का सीओपीडी (बहुतेक धुरामुळं श्वासनळ्या कायमच्या अरुंद होतात तो आजार) आहे, पंपाने, म्हणजे तोंडातून ओढायच्या औषधाच्या इन्हेलरने, श्वासनळ्या किती मोकळ्या होतात, हे त्यात बघतात. आज लिहायला बसले कारण परवा एक काकाजी आले, दम एवढा की दोन शब्द बोलून थांबत होते, आणि पंप विचारला तर म्हणे कधीचाच बंद केला. "मॅडम, मागच्या रिपोर्टात लिहून हाये का औषधानं फरक नाही पडला म्हणून, मंग पैसे कायले घालवायचे?"

हे मी इतक्यांदा ऐकलंय की आता राहवत नाही.

आधी टेस्ट कशी होते ते सांगते. खुर्चीत ताठ बसवतो, नाकाला चिमटा लावतो, तोंडात खर्रा असेल तर थुंकून चूळ भरायला लावतो (हे दर दुसऱ्या माणसाला सांगावं लागतं). मग पोटभर हवा घ्यायची आणि नळीत एकदम जोरानं सोडायची, आणि खरी मेहनत पुढंच आहे, छाती रिकामी झाली असं वाटलं तरी फुंकत राहायचं, सहा सेकंद आणि त्याच्याही पुढं, स्क्रीनवरची रेघ सपाट होईपर्यंत. मी बाजूला उभी राहून "फुका फुका फुका, सोडू नका माय, अजून अजून" ओरडत असते, बाहेरच्यांना वाटतं भांडण चालू आहे. असे निदान तीन चांगले फुंकर पाहिजेत आणि त्यातल्या सगळ्यात चांगल्या दोघांत १५० मिलीपेक्षा जास्त अंतर नको. पहिल्या सेकंदात जेवढी हवा बाहेर आली ती एफईव्ही-वन, आणि पूर्ण फुंकरात आली ती एफव्हीसी.

मग सालब्युटामॉलचे (श्वासनळ्या लवकर मोकळ्या करणारं औषध) १०० मायक्रोग्रामचे चार पफ स्पेसर, म्हणजे पंप आणि तोंडाच्या मधात धरायची पोकळ नळी, लावून एकेक करून देतो, म्हणजे ४०० मायक्रोग्राम. हात थोडे थरथरतात, छातीत धडधडल्यासारखं होतं, ते आधीच सांगून ठेवते नाहीतर माणूस घाबरतो. पंधरा मिनिटं बसायचं आणि परत तेच सगळं फुंकणं. दुसऱ्या वेळी लोक कंटाळलेले असतात, एसटी निघून जाईल म्हणून घाई असते, आणि माणूस अर्धवट फुंकतो, मग औषधानं नळी उघडली तरी आकडा वाढत नाही. म्हणून दुसऱ्या फेरीत मी जास्तच ओरडते.

आता तो ‘फरक’ ठरतो कसा. इतकी वर्षं हिशोब असा होता की एफईव्ही-वन किंवा एफव्हीसी निदान १२ टक्के वाढली पाहिजे आणि ती वाढ निदान २०० मिलीची पण पाहिजे. नुसते टक्के का नाही, तर ज्याची एफईव्ही-वन मुळातच एक लिटर आहे त्याचे १२ टक्के म्हणजे १२० मिली, एवढा फरक तर औषध न देता दोन फुंकरांतही पडतो. २०२१ च्या युरोप-अमेरिकेतल्या श्वासरोग डॉक्टरांच्या संस्थांच्या नवीन मार्गदर्शनात हे बदललं, आता त्या माणसाच्या वय-उंची-लिंगावरून जो अपेक्षित आकडा येतो त्याच्या १० टक्क्यांपेक्षा जास्त वाढ बघतात. म्हणजे एकाची एफईव्ही-वन १.१० वरून १.३१ लिटर झाली तर जुन्या हिशोबानं ती १९ टक्के आणि २१० मिली, पास. पण अपेक्षित आकडा २.६ लिटर असेल तर नवीन हिशोबानं फक्त ८ टक्के, नापास. छाती तीच, फुंकर तोच. दवाखान्यातल्या मशीनमध्ये कोणता हिशोब टाकला आहे त्यावर रिपोर्टातली ती एक ओळ ठरते, आणि त्या ओळीवर आपण पंप बंद करतो!

दुसरं म्हणजे हा फरक दर वेळी सारखा नसतो. समजा दम्याचा एक तरणा पोरगा हंगामात येतो, २.४० वरून २.९० लिटरवर जातो, ५०० मिली, जवळपास २१ टक्के. डॉक्टर स्टिरॉइडवाला पंप सुरू करतात, पोरगा नेमानं घेतो. होळीच्या आधी परत टेस्ट केली तर ३.०५ वरून ३.१५. रिपोर्टात येणार फरक नाही. घरचे म्हणतात दमा गेला, किंवा आधीचंच निदान चुकलं. अहो, नळ्या आधीच मोकळ्या आहेत तर अजून किती मोकळ्या होणार, पंप काम करतोय म्हणूनच तर असा रिपोर्ट आलाय.

आणि उलटंही होतं. बिडी ओढणाऱ्या सीओपीडीच्या माणसातही चांगला फरक दिसू शकतो, तेवढ्यावरून तो दमा ठरत नाही. सीओपीडीसाठी औषधानंतरचं एफईव्ही-वन आणि एफव्हीसीचं गुणोत्तर बघतात, ते ०.७० च्या खाली राहिलं आणि सोबत लक्षणं, धुराचा इतिहास असला तर डॉक्टर सीओपीडी म्हणतात.

धूर म्हटलं की मला आमच्या आज्या आठवतात. बिडीला कधी हात लावला नाही, पण जन्मभर पऱ्हाट्या, तुराट्या आणि गोवऱ्या पेटवून चुलीपुढं बसल्या. अशा एखाद्या आजीचा रिपोर्ट बघा: एफईव्ही-वन ०.९० वरून ०.९८, एफव्हीसी १.५५ वरून १.७०. दोन्ही हिशोबांत फरक नाही. पण ह्याच आजीला पंप घेतल्यावर विचारा, ती सांगेल नळावरून गुंड आणताना मधात टेकावं लागत नाही. असं कसं? सीओपीडीत जुनी हवा आत अडकून छाती फुगलेली असते, तोंडापर्यंत भरलेल्या पोत्यात अजून दाणे कुठं भरणार, तसं नवीन श्वासाला जागाच उरत नाही. पंपानं ती अडकलेली हवा थोडी निघते, चालताना दम कमी लागतो, आणि पहिल्या सेकंदाच्या आकड्यात मात्र ते फारसं उमटत नाही. म्हणून त्या ओळीपेक्षा आजीच्या बोलण्याला जास्त किंमत द्या, आणि डॉक्टरला ते सांगा.

टेस्टच्या आधी पंप कधी बंद ठेवायचा हेही लोकांना कोणी नीट सांगत नाही. सालब्युटामॉल ४ ते ६ तास आधी, फॉर्मोटेरॉल-साल्मेटेरॉलवाले २४ तास, टायोट्रोपियमवाले ३६ ते ४८ तास. सकाळी पंप घेऊन आलात तर नळ्या आधीच उघडलेल्या, मग फरक दिसणार कुठून. पण दम जास्त असेल तर टेस्टसाठी म्हणून अजिबात थांबवू नका, घ्या आणि किती वाजता घेतला ते आम्हाला सांगा, आम्ही रिपोर्टावर लिहितो. आणि बंद ठेवायचा तोही डॉक्टरला विचारूनच.

येताना आपला पंप सोबत आणा. खोलीत आमच्या हातानं स्पेसरमधून दिल्यावर ज्यांना बरं वाटतं आणि घरच्या पंपानं काहीच वाटत नाही, त्यांना मी माझ्यासमोर पंप घ्यायला लावते. कोणी हलवतच नाही, कोणी पफ आधी दाबतं आणि श्वास मागून उशिरा ओढतं, निम्मं औषध जिभेवरच राहतं. त्या काकाजींचंही हेच होतं. स्पेसर महाग वाटत असेल तर पाण्याच्या ५०० मिलीच्या प्लास्टिक बाटलीच्या बुडाला पंपाचं तोंड घट्ट बसेल एवढं भोक पाडायचं, तिथून पफ मारायचा आणि बाटलीच्या तोंडानं हळूहळू श्वास घ्यायचा. लहान पोरांवर ह्याचे अभ्यास झालेत आणि ते चाललंय. काकाजींना तिथंच एक बनवून दिली, आणि पंप परत सुरू करायचा का आणि कोणता, ते ठरवायला डॉक्टरांकडं नेऊन बसवलं.