शिक्षक आमदार निवडताना मुख्याध्यापकाचं काय होतं – माझा अनुभव

मी वाशीम जिल्ह्यात, रिसोड तालुक्यातल्या एका अनुदानित हायस्कूलला मुख्याध्यापक आहे. शिक्षक मतदारसंघ म्हणजे काय हे बाहेरच्या माणसाला धड माहीतच नसतं, आमच्या घरचेसुद्धा विचारतात की तुम्हाला दोनदा मत द्यायला कसं काय मिळतं बाप्पा. तर विधान परिषदेच्या ७८ जागांपैकी ७ शिक्षकांच्या, म्हणजे तिथे मत फक्त शिक्षकांचं, आणि ७ पदवीधरांच्या, आणि आमच्याकडे अमरावती, अकोला, बुलडाणा, वाशीम, यवतमाळ असे पाच जिल्हे मिळून एक शिक्षक आमदार. २०२० ला त्या जागेवर वाशीमचेच किरण सरनाईक निवडून आले, शिक्षणसंस्था चालवणारा माणूस, तोही अपक्ष. त्या निवडणुकीत माझ्या टेबलावरून काय काय गेलं ते लिहितोय.

खरी निवडणूक मतदानाच्या वर्षभर आधीच होऊन जाते, यादीत. इथे नेहमीच्या यादीसारखं एकदा नाव आलं की कायमचं असं नसतं, दर निवडणुकीला यादी कोरी करून पहिल्यापासून बनते, त्यामुळे मागच्या वेळी मत दिलेल्या सरांनाही परत नमुना १९, म्हणजे नाव नोंदवायचा अर्ज, भरावा लागतो. अर्हता दिनांक १ नोव्हेंबर, म्हणजे त्याच्या आधीच्या सहा वर्षांत मिळून किमान तीन वर्षं माध्यमिक किंवा त्याच्या वरच्या शाळा-कॉलेजात शिकवलेलं पाहिजे, आणि तसं सर्टिफिकेट द्यायचं संस्थाप्रमुखाने, म्हणजे मी. २०१९ ला हे सगळं नेमकं ऑक्टोबरात आलं, अर्धा स्टाफ २१ तारखेच्या विधानसभेच्या ड्युटीवर, लगेच मागे दिवाळी, आणि अर्जाची शेवटची तारीख ६ नोव्हेंबर. लोक सुट्टीत गावाला गेलेले आणि मी आणि आमचे बाबू ऑफिस उघडून बसलेले, सेवापुस्तकं काढायची, वैयक्तिक मान्यतेची, म्हणजे नेमणुकीला शिक्षण खात्याने दिलेल्या मंजुरीची तारीख बघायची, जावक नंबर टाकायचा, शिक्का मारायचा.

एक गोष्ट मात्र बरी आहे, पक्षाचा कार्यकर्ता गठ्ठ्याने अर्ज घेऊन गेला तर घेत नाहीत पण मुख्याध्यापक आपल्या स्टाफचे अर्ज एकत्र देऊ शकतो. मी एकत्रच दिले. तर अर्ज घेणाऱ्या ऑफिसातला माणूस म्हणे प्रत्येकाला स्वतः यावं लागेल. मी म्हणलं भाऊ, सूचनांमध्येच लिहिलंय, हे बघा. तो म्हणे साहेब मीटिंगला गेलेत. मग साहेब येईपर्यंत बाकड्यावर. साहेबांनी दोन मिनिटांत घेतले, पण तोपर्यंत दुपार गेली होती.

सगळ्यात जास्त डोकं खाल्लं ते राहण्याच्या पत्त्याने. नाव शाळेच्या गावाला लागत नाही, जिथे राहता तिथे लागतं. आमचे एक सर सेनगावहून रोज गाडीवर येतात, आणि सेनगाव म्हणजे हिंगोली जिल्हा, म्हणजे मराठवाडा, म्हणजे औरंगाबाद शिक्षक मतदारसंघ. शाळा आमच्याकडे, पगार आमच्या वेतन पथकातून, पण अमरावतीच्या आमदारासाठी त्यांना मत नाही आणि तिकडची निवडणूक थेट जानेवारी २०२३ मध्ये. ते इतके वैतागले की म्हणे सर, मग माझी फाईल अडकली तर मी कोणत्या आमदाराकडे जायचं? मला उत्तर सुचलं नाही, अजूनही नाही.

आणि गावातलेच जिल्हा परिषद शाळेचे गुरुजी, तीस तीस वर्षं शिकवलेले, ते मतदारच नाहीत कारण प्राथमिक शाळा यात धरत नाहीत. राज्यातला शिक्षकांचा केवढा मोठा वर्ग बाहेर ठेवून त्याला शिक्षक मतदारसंघ म्हणायचं हे मला कधीच पटलं नाही. दुसरीकडे उमेदवार शिक्षक असलाच पाहिजे अशी काही अट नाही. सुप्रीम कोर्टाने १९७२ लाच पदवीधर मतदारसंघाच्या एका केसमध्ये सांगितलंय की उमेदवार पदवीधर असायची गरज नाही. मुंबईत कपिल पाटील तीन टर्म शिक्षक आमदार राहिले, ते मूळचे पत्रकार.

आधीच्या आमदारांची मुदत संपत होती २०२० च्या जुलैत पण कोरोनामुळे निवडणूक पुढे गेली आणि मतदान लागलं १ डिसेंबरला. आठच दिवस आधी २३ नोव्हेंबरपासून नववी ते बारावीचे वर्ग उघडायला परवानगी आली होती, म्हणजे स्टाफची आरटीपीसीआर, पालकांची संमतीपत्रं, सॅनिटायझर, वर्गात एका बाकावर एक पोरगं, आणि त्यातच उमेदवारांच्या भेटी. २७ उमेदवार होते. प्रत्येकाचं पत्रक सारखंच, जुनी पेन्शन, विनाअनुदानितला अनुदान, शालार्थ आयडी म्हणजे ऑनलाइन पगारासाठी लागणारा नंबर. २००५ नंतर लागलेली, म्हणून जुनी पेन्शन नसलेली आमची शिक्षक पोरं पेन्शनचं वाचून हसायची, सर, सहा वर्षांपूर्वीचं पत्रक काढून बघा, फक्त फोटो बदललाय.

मतदानाला मशीन नसतं, कागद असतो. नावापुढे १, २, ३ असे पसंतीचे आकडे टाकायचे, तेही केंद्रावर देतात त्या जांभळ्या स्केचपेननेच, स्वतःचा पेन चालत नाही. आकडा मराठी चालतो, इंग्रजी चालतो, रोमनसुद्धा चालतो पण अक्षरात "एक" लिहिलं की बाद. टिकमार्क केली, सही केली, दोघांपुढे १ लिहिला, सगळं बाद. पोरांचे पेपर तपासणारी माणसं आम्ही, तरी दर वेळी बाद मतपत्रिका निघतातच. स्टाफरूमच्या फळ्यावर मी नमुना काढून दाखवला होता, खोटी नावं टाकून, तर आमचे एक ज्येष्ठ सर म्हणतात, मला शिकवता का आता. मी म्हणलं हो सर, आज शिकवतो.

मोजणी ३ डिसेंबरला अमरावतीत सुरू झाली आणि एका दिवसात काही आटपली नाही. वैध मतांच्या निम्म्यापेक्षा एक जास्त असा कोटा लागतो, पहिल्या पसंतीत कोणालाच मिळाला नाही की सगळ्यात खालच्याला काढायचं, त्याच्या पत्रिकांवरची पुढची पसंती बघून त्या वाटायच्या, मग परत खालचा. आमच्या ग्रुपवर रात्रभर आकडे येत होते, झोप कोणालाच नाही. शेवटी तेव्हाचे आमदार श्रीकांत देशपांडे मागे पडले आणि सरनाईक आले.

मग स्टाफरूममध्ये वाद. तरुण शिक्षकांचं म्हणणं, आमचं अर्धं भांडण संस्थाचालकांशीच असतं, नेमणूक त्यांच्या हातात, बदली त्यांच्या हातात, मग आमचा आमदार संस्थाचालक कसा काय? हा प्रश्न एका माणसाचा नाहीये, कोकणातही २०२३ ला बदलापूरचे संस्थाचालक ज्ञानेश्वर म्हात्रे आले. मी दोन्हीकडून मार खाणारा, वरून संस्था आणि खालून स्टाफ, त्यामुळे मला दोन्ही बाजू दिसतात. शाळा चालवलेल्या माणसाला वेतनेतर अनुदान (पगार सोडून बाकी खर्चाचं), संचमान्यता (पटावरून मंजूर होणारी पदं), त्यात जादा ठरलेले अतिरिक्त शिक्षक, मान्यतेची फाईल शिक्षण उपसंचालकांकडे कुठल्या टेबलावर थांबते, हे समजावून सांगायला लागत नाही, सभागृहात लक्षवेधी सूचना मांडून सरकारला जाब विचारताना त्याचा उपयोग होतोच. पण संस्थेनेच शिक्षकाला अडवलं असेल तर तो शिक्षक संस्थाचालक आमदाराकडे मोकळेपणाने जाईल का, तर माझ्या मते नाही, माणूस कितीही चांगला असो. त्यासाठी संघटनाच लागते.

आता २०२६ च्या डिसेंबरात सरनाईकांची मुदत संपतेय. गेल्या दिवाळीत परत तेच, कोरी यादी, नमुना १९, सेनगावच्या सरांचं तोंड वाकडं. इच्छुकांचे फोन सुरू झालेत आणि नमस्कार-चमत्कार झाला की पहिला प्रश्न, सर तुमच्याकडे किती मतं आहेत? मी अर्ज किती दिले तेवढं सांगतो, मतं म्हणलं ज्याची त्याला विचारा.