शनिवारची चोवीस मिनिटं

लेकीला शाळेच्या हस्तलिखितासाठी गोष्ट लिहायची होती. गोष्टीत एक कारागीर, तो वेळ वाकवणाऱ्या वस्तू बनवतो. उरलेला तास भरून ठेवायची डबी, गेलेला रविवार परत आणणारी चावी, असं बरंच काही. दोन पानं झाली आणि गाडी अडली. "बाबा, त्याचं दुकान कसं असेल?" मी म्हटलं, चप्पल घाल.

डोंबिवलीत स्टेशनकडे जाताना एका जुन्या इमारतीच्या जिन्याखाली आमचे घड्याळवाले काका बसतात. दुकान म्हणजे आडवं टाकलेलं एक काचेचं कपाट आणि स्टूल. मागच्या भिंतीवर अकरा घड्याळं, एकाचं दुसऱ्याशी पटेल तर शपथ. लेकीने वेळ विचारली तेव्हा काकांनी खिशातून मोबाइल काढला.

मी सोबत माझ्या वडिलांचं, अण्णांचं घड्याळ नेलं होतं. एचएमटीचं 'जनता', चावीचं. अण्णा गेल्यापासून कपाटात पडून होतं. हल्ली काकांचा दिवस सेल बदलण्यात जातो, कमानीचं घड्याळ महिन्यातून एखाददुसरं आलं तर आलं. त्यामुळे ते जरा सरसावून बसले. भिंग डोळ्यात अडकवलं, मागचं झाकण काढलं आणि लेकीला म्हणाले, "ये गं, बघ. श्वास मात्र तिकडे सोड."

आत एक पिवळं चाक आणि त्याच्या पोटात केसासारखी बारीक स्प्रिंग. तेल वाळून चिकट झालेलं. चालू असलं की हे चाक सेकंदाला पाच ठोके देतं, म्हणजे दिवसाला ४,३२,०००. वर सुईएवढा एक काटा असतो. तो एका बाजूला सरकवला की त्या स्प्रिंगची झुलणारी लांबी कमी होते आणि घड्याळ पळायला लागतं, दुसरीकडे सरकवला की रेंगाळतं. लेक हळूच म्हणाली, "म्हणजे वेळ इथून वाकवतात." काका म्हणाले, "वाकवायला कोण येतं इथे? सरळ करून मागतात सगळे."

मग काकांनी स्वतःच्या वडिलांचं सांगितलं. ते गिरगावात बसायचे. घड्याळ परत देताना गिऱ्हाइकाला विचारावं लागे, मुंबई टाइम लावू की स्टँडर्ड? सगळ्या देशाला १९०६ पासून एक वेळ दिली तरी मुंबईची स्वतःची वेळ ३९ मिनिटं मागे होती, आणि शहराने ती १९५५ पर्यंत सोडली नाही. लेकीने लगेच हिशेब केला, "मग बाहेरगावाहून मुंबईत उतरलं की ३९ मिनिटं फुकट मिळायची?" काका हसले. तिची डबी-चावी मला तेव्हा फार काही अद्भुत वाटेना. त्याच्याही आधी घटिकापात्र होतंच की. तळाला भोक पाडलेली तांब्याची वाटी पाण्यावर सोडायची, ती बुडाली की २४ मिनिटांची एक घटिका झाली. भोक पाडताना तांबटाचा हात जरा जड पडला तर अख्ख्या गावाचा मुहूर्त आधी लागणार. भास्कराचार्यांच्या मुलीची, लीलावतीच्या लग्नाची दंतकथाही तीच, फक्त तिथे भोकात मोती अडकला आणि मुहूर्त टळला.

"यात कोणी हात घातलाय," काका एकदम म्हणाले. झाकणाच्या आत पात्याचे ओरखडे होते आणि तो बारीक काटा पार टोकाला, पळण्याच्या बाजूला. "दिवसाला चार मिनिटं तरी पुढे जात असणार."

मी हिशेब करायला लागलो. अण्णा चावी रोज द्यायचे, पण वेळ लावायचे फक्त रविवारी, रेडिओच्या ठोक्याला. म्हणजे सोमवारी चार मिनिटं पुढे आणि शनिवारी चोवीस! म्हणूनच सोमवारी अण्णा ८:१२ धावत पकडायचे आणि शनिवारी प्लॅटफॉर्मवर ताटकळायचे. म्हणूनच शनिवारी "किती वेळ लागतो गं डब्याला!" हे वाक्य हमखास यायचं आणि आई पोळी लाटता लाटता भिंतीवरच्या घड्याळाकडे बघून गप्प बसायची. आम्ही समजायचो, आठवडाभराचा थकवा. अण्णा ऑफिसच्या पेन्सिलीही ब्लेडने तासायचे. कधीतरी गाडी चुकली असणार आणि त्याच ब्लेडने त्यांनी घरचा अख्खा आठवडा तिरका करून ठेवला.

तेलपाणी झालं, चाक झुलायला लागलं. काकांनी चिमटा त्या काट्यावर टेकवून माझ्याकडे बघितलं. "मध्यावर आणू ना?"

"असू दे तसाच."

"मग दुरुस्ती कसली केली मी?" असं म्हणत त्यांनी पैसे मात्र पूर्ण घेतले.

गोष्ट त्याच रात्री संपली. तिच्या कारागिराचं दुकान आता जिन्याखाली आहे, तो सेल बदलून देतो, आणि डबीत भरलेल्या तासाची पावतीही फाडतो. पावतीवर खाली लिहिलेलं असतं : सहा महिन्यांत माल न नेल्यास दुकानदार जबाबदार नाही.